पाचव्या घराला कुलूप

पुणे-सोलापूर महामार्गावर वरवड्याचा टोलनाका मागे पडला की थोड्याच वेळात मोडनिंब येतं. माढा तालुक्यातलं हे ग्रामपंचायतीचं गाव. पण हायवेकडेची दुकानं, गॅरेजं, हॉटेलं आणि शेतमालाच्या गाड्या पाहिल्या की त्याला खेडं म्हणायला जीभ रेटत नाही. बार्शी लाइट रेल्वेची अरुंद गाडी १९०६ साली कुर्डुवाडीहून पंढरपूरपर्यंत गेली ती याच वाटेनं. आता तिथं ब्रॉडगेज आहे. लावणीच्या दुनियेत मोडनिंब ओळखलं जातं ते संगीत बारीच्या कला केंद्रांमुळे. शिवारात ज्वारी, ऊस, डाळिंब. अशा गावात एखादा विद्यार्थी हातात प्रश्नावली घेऊन एसटीतून उतरला की पहिल्याच रकान्याशी अडतो. 'क्षेत्र: ग्रामीण / शहरी.' टिक कुठं करायची?

हा विद्यार्थी आता एकटादुकटा राहिलेला नाही. पूर्वी 'फील्डवर्क' म्हटलं की ते समाजकार्याच्या मुलांचं काम असायचं. क्लिफर्ड मॅन्शार्ट यांनी १९२७ मध्ये मुंबईच्या नागपाड्यात 'नेबरहूड हाऊस' काढलं आणि १९३६ मध्ये सर दोराबजी टाटा ग्रॅज्युएट स्कूल ऑफ सोशल वर्क सुरू केलं. तीच आजची टाटा समाजविज्ञान संस्था, म्हणजे टिस. आठवड्याचे ठरावीक दिवस वस्तीत किंवा संस्थेत, उरलेले वर्गात, प्रत्येक भेटीचा लेखी रिपोर्ट, त्यावर सुपरवायझरशी समोरासमोर बसून चर्चा आणि शेवटी महिनाभराचं 'ब्लॉक प्लेसमेंट' हा साचा तिथून महाराष्ट्रभर पसरला. बाकीच्या कला शाखेला या भानगडीशी देणंघेणं नव्हतं. समाजशास्त्राची पदवी घराचा उंबरठा न ओलांडता मिळत असे, आणि मिळालेलीही पुष्कळ आहे.

राज्य शासनाच्या २० एप्रिल २०२३ च्या निर्णयानं हे बदललं. नव्या शैक्षणिक धोरणाच्या आराखड्यात पदवीला क्षेत्र प्रकल्प, समुदाय सहभाग आणि ऑन जॉब ट्रेनिंग आलं. पदव्युत्तरच्या पहिल्या वर्षी संशोधन पद्धतीचा चार श्रेयांकांचा पेपर, त्यामागोमाग चार श्रेयांकांचं ऑन जॉब ट्रेनिंग किंवा क्षेत्र प्रकल्प आणि दुसऱ्या वर्षी संशोधन प्रकल्प. याचा साधा अर्थ असा की तालुक्याच्या कॉलेजातला बी.ए., एम.ए.चा प्रत्येक मुलगा-मुलगी आता कधी ना कधी कुणाच्या तरी दारात उभी राहून प्रश्न विचारणार. त्याचबरोबर झेरॉक्सच्या दुकानात तयार प्रोजेक्टही मिळणार, मुखपृष्ठावर फक्त नाव बदलायचं. दोन्ही गोष्टी एकाच धोरणाच्या पोटी आलेल्या आहेत.

दारात उभं राहून विचारणं हे कसब आहे, आणि ते पुस्तकातून येत नाही. 'कुटुंबात माणसं किती?' हा बालवाडीतला प्रश्न वाटतो. जनगणनेची व्याख्या सांगते की एका चुलीवर जेवणारे ते एक कुटुंब. आता एका वाड्यात तीन भाऊ आहेत. चुली दोन आहेत, कारण धाकट्याचं लग्न गेल्या वर्षीच झालं. रेशन कार्डं मात्र तीन आहेत, कारण कार्ड वेगळं असलं की योजना वेगळी मिळते. म्हातारी आई पंधरा दिवस एकाकडे, पंधरा दिवस दुसऱ्याकडे जेवते. फॉर्मवर एक आकडा हवा आहे. कुठलाही आकडा लिहिला तरी तो कुठल्या तरी अर्थानं खोटा ठरणार. म्हणून कुठला अर्थ धरून तो लिहिला हे समासात नोंदवायचं, ही सामाजिक संशोधनाची पहिली शिकवण. वर्गात ती व्याख्येच्या रूपात येते, वाड्यात पेचाच्या.

उत्पन्नाचा प्रश्न याहून अवघड. फाइल घेऊन आलेल्या अनोळखी पोरानं 'वर्षाचं उत्पन्न किती?' विचारलं की समोरच्याला आठवतो तो तहसील कचेरीतला उत्पन्नाचा दाखला. मुलीच्या फीसाठी काढलेल्या दाखल्यावर जो आकडा आहे तोच तो सांगतो. यात लबाडी नाही, शहाणपण आहे. पिवळं कार्ड केशरी होऊ नये याची काळजी ज्याला आहे तो कागदाला कागदाचंच उत्तर देणार. जमिनीचंही तसंच. सातबारा वडिलांच्या किंवा भावांच्या सामाईक नावावर, कसणारा तिसरा, निम्मी वाट्यानं दिलेली आणि पाइपलाइनचं कर्ज चौथ्याच्या खात्यावर. 'जमीन किती?' या दोन शब्दांच्या प्रश्नाला 'हाय थोडीफार' यापेक्षा प्रामाणिक उत्तर सापडणं कठीण. शिकलेला सर्वेक्षक इथं प्रश्न बदलतो. किती एकर हे सोडून गेल्या हंगामात कुठल्या तुकड्यात काय पेरलं, पोती किती झाली, कडबा कुणी नेला असं विचारत जातो. अर्ध्या तासानं जमीन आपोआप कागदावर उतरते.

बायकांच्या कामाचा रकाना हा तर निव्वळ विनोद. 'काय करतात?' 'काही नाही, घरीच असते.' उत्तर बहुधा नवरा देतो, कधी ती स्वतःही देते, आणि बोलताना तिच्या हातात धारेची बादली असते. 'काल पहाटे उठल्यापासून काय काय केलंत?' असं विचारलं की गाडी वेगळ्या रुळावर जाते. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयानं २०१९ मध्ये देशभर वेळेच्या वापराची पाहणी केली तेव्हा नेमकं हेच केलं, आदल्या दिवसाचा हिशेब विचारला. घरातली बिनपगारी कामं करणाऱ्या बायका त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं घालवतात आणि तीच कामं करणारे पुरुष ९७, असं निघालं. 'काही नाही' या उत्तराखाली पाच तास दडलेले होते.

महाराष्ट्रातल्या हजारो कॉलेजकुमारांनी सर्वेक्षणाचा पहिला धडा घेतला तो 'असर'मध्ये. मुलांना वाचता येतं का, गणित येतं का हे घरोघर जाऊन पाहणारी 'प्रथम' या संस्थेची ही पाहणी २००५ पासून सुरू आहे. 'प्रथम'च्या संस्थापकांत माधव चव्हाण यांच्याबरोबर फरीदा लांबे आहेत, आणि त्या मुंबईच्या निर्मला निकेतन या समाजकार्याच्या महाविद्यालयातल्या. म्हणजे धागा पुन्हा फील्डवर्कशी जाऊन मिळतोच. प्रत्येक ग्रामीण जिल्ह्यातली तीस गावं, प्रत्येक गावातली वीस घरं. जिल्ह्यातल्याच एखाद्या कॉलेजची किंवा संस्थेची मुलं निवडायची, दोन-तीन दिवसांचं प्रशिक्षण द्यायचं आणि शनिवार-रविवारी दोघा-दोघांना गावात पाठवायचं.

गावात गेल्यावर आधी सरपंचांना पत्र, मग सगळं गाव पायी फिरायचं. फिरता फिरता नकाशा काढायचा: रस्ते, देऊळ, शाळा, वस्त्या. नकाशाचे चार भाग करायचे. प्रत्येक भागात मध्यावरून निघून डाव्या हाताचं दर पाचवं घर घ्यायचं, अशी पाच घरं. चार पंचे वीस. ज्यानं हे केलं त्याला 'यादृच्छिक नमुना' या जडजंबाल शब्दाचा अर्थ पुन्हा कधी विचारावा लागत नाही. मोह कुठला टाळायचा हे त्याच्या पायांना कळलेलं असतं. देवळाजवळच्या ओसरीवर चहा मिळेल, ओळखीच्या मुलाचं घर जवळ आहे, वस्तीपर्यंतची वाट चिखलाची आहे. हे सगळं सोडून पाचव्याच घरात जायचं.

घरात गेलं की पहिलीच्या पातळीचा परिच्छेद पोराच्या हातात द्यायचा. आला तर दुसरीच्या पातळीची गोष्ट, नाही आला तर शब्द, तेही नाही तर अक्षरं. गणितात अंक ओळखण्यापासून हातच्याच्या वजाबाकीपर्यंत आणि भागाकारापर्यंत. तोवर शेजारची डझनभर पोरं गोळा झालेली असतात आणि मागून आई उत्तर पुरवत असते. तिला न दुखावता गप्प बसवायचं, पोराला घाम न फोडता वाचायला लावायचं आणि त्याला वाचता आलं नाही तर चेहऱ्यावर काही उमटू द्यायचं नाही. परीक्षेत याला गुण नसतात.

आणि पाचव्या घराला कुलूप असलं तर? तशी नोंद करायची आणि पुढचं घर घ्यायचं. नियम सोपा आहे, पण माझ्या मते सर्वेक्षणातली सगळ्यात बोलकी नोंद त्या कुलपाचीच. माढा तालुक्यात पिंपळनेरला विठ्ठलराव शिंदे सहकारी साखर कारखाना आहे, आणि सोलापूर जिल्हाभर साखर कारखान्यांची दाटी आहे. गाळप सुरू झालं की बीडकडून ऊसतोडीच्या टोळ्या येतात, फडाजवळ कोप्या पडतात. त्यांच्या गावी कुलूप लागतं आणि इथं कोपीला घर नंबर नसतो. तिकडची पाहणी त्यांना 'घर बंद' म्हणून ओलांडते, इकडची पाहणी गावचे रहिवासी नाहीत म्हणून. म्हणजे एक पोर दोन्ही जिल्ह्यांच्या आकड्यांतून निसटतं, आणि ज्याचं वाचन सगळ्यात आधी तपासायला हवं ते नेमकं हेच. दोष पद्धतीचा नाही. शनिवार-रविवारच्या पाहणीला ठरावीक चौकट लागतेच. पण चौकटीबाहेर कोण राहिलं हे विचारायची सवय विद्यार्थ्याला लागली नाही, तर त्यानं काम केलं, संशोधन केलं नाही.

कृषी महाविद्यालयांची मुलं जास्त दिवस राहतात. १९९२ मध्ये रंधावा समितीनं शिफारस केलेला 'ग्रामीण कृषी कार्यानुभव' म्हणजे सगळ्यांच्या तोंडी असलेला 'रावे'. २०१५ पासून तो 'स्टुडंट रेडी' या छत्राखाली आहे. शेवटच्या वर्षाची मुलं-मुली 'कृषीदूत', 'कृषीकन्या' होऊन गावात येतात, शेतकऱ्याच्या बांधावर जातात, बीजप्रक्रियेचं प्रात्यक्षिक करतात, माती परीक्षणाचा नमुना कसा घ्यायचा ते दाखवतात. त्यांचं सगळ्यात देखणं काम म्हणजे ग्रामपंचायतीपुढं रांगोळीनं काढलेला गावचा नकाशा. ओढा निळा, ऊस हिरवा, रस्ते पांढरे. सहभागी ग्रामीण मूल्यांकनाचं हे अस्सल मराठी रूप. रॉबर्ट चेंबर्स यांनी ज्या पद्धतीचा जगभर पुरस्कार केला तिचा गाभा असा की खडू, काठी, बिया गावकऱ्याच्या हातात असाव्यात आणि बाहेरून आलेल्यानं मागं उभं राहून पाहावं. आपल्याकडे रांगोळी बहुधा कृषीकन्यांच्याच हातात असते आणि मागं उभं राहून पाहतं ते गाव. फोटो निघतो, स्थानिक पेपरात बातमी येते, कात्रण फाइलला लागतं. चिमूट गावकऱ्याच्या हातात गेली तर नकाशा वेडावाकडा येईल, पण स्मशानाची वाट कुठल्या वस्तीच्या वाट्याला वेगळी आहे हे त्यात दिसेल.

मोडनिंबपुरता एक वेगळा धडाही आहे. कला केंद्रातल्या कलावंत बायकांना प्रश्न विचारायला बाहेरून माणसं येत राहतात. कुणी पुस्तकासाठी, कुणी माहितीपटासाठी, कुणी आरोग्याच्या कार्यक्रमासाठी. भूषण कोरगावकर यांचं 'संगीत बारी' हे पुस्तक आणि सावित्री मेधातुल यांचं त्याच विषयावरचं काम उभं राहिलं ते या कलावंतांशी जुळलेल्या दीर्घ ओळखीतून. दुपारी येऊन संध्याकाळची बस पकडणाऱ्या विद्यार्थ्यानं तिथं प्रश्नावली उघडूच नये, असं माझं स्पष्ट मत आहे. लावणीबद्दल विचारावं, पेटी-तबल्याबद्दल विचारावं, बसून ऐकावं. खासगी आयुष्याबद्दल विचारायचा हक्क चार श्रेयांकांनी मिळत नाही. कुठला प्रश्न आपण विचारायचा नाही हे ठरवता येणं हेही पद्धतीच्या पेपरातलंच प्रकरण, फक्त छापील पुस्तकात ते शेवटी येतं.

आता ज्या कामापुढं हे सगळं तोकडं वाटतं त्याकडे. मोडनिंबहून सोलापूरच्या बाजूला निघालं की मोहोळ तालुका लागतो. मालदांडी ज्वारीचं एम ३५-१ हे वाण मोहोळच्या संशोधन केंद्रातलं. रब्बी ज्वारी खाणाऱ्या महाराष्ट्रावर या गावाचे उपकार आहेत. याच तालुक्यातलं शिरापूर मात्र जगभरच्या अर्थशास्त्रज्ञांना ठाऊक आहे, आपल्याला नाही. हैदराबादजवळच्या पाटनचेरूच्या इक्रिसॅट या संस्थेनं १९७५ मध्ये कोरडवाहू मुलखातली सहा गावं निवडली. त्यांत सोलापूर जिल्ह्यातली दोन: मोहोळ तालुक्यातलं शिरापूर आणि उत्तर सोलापूर तालुक्यातलं कळमण. दोन अकोल्याकडची, दोन तेव्हाच्या आंध्रातली. प्रत्येक गावातली चाळीस कुटुंबं घेतली: दहा भूमिहीन मजुरांची, दहा लहान, दहा मध्यम आणि दहा मोठ्या शेतकऱ्यांची.

या कामाचं मर्म आकड्यांच्या आधी माणसांत होतं. खेड्यातून आलेला, स्थानिक भाषा बोलणारा, शेतीचं किंवा अर्थशास्त्राचं शिक्षण घेतलेला अन्वेषक त्याच गावात राहायचा. दर तीन-चार आठवड्यांनी त्याच चाळीस दारांत जायचा. कुठल्या तुकड्यात किती मजूर लागले, पायल्या किती आल्या, उसनं कुणाकडून घेतलं, शेळी का विकली. हे एका हंगामापुरतं नव्हे, वर्षानुवर्षं चाललं. पहिला टप्पा १९८० च्या दशकाच्या मध्यापर्यंत, पुढं २००१ च्या सुमारास त्याच गावांत पुन्हा सुरुवात. पहिल्या भेटीत 'हाय थोडीफार' म्हणणारा दहाव्या भेटीला तुकड्यागणिक बोलतो, कारण तोवर त्याला समजलेलं असतं की हा पोरगा तहसीलदाराचा नाही, आणि मागच्या महिन्याचा आकडा त्याच्या वहीत लिहिलेला आहे.

या वह्यांमधून काय काय निघालं ते पाहण्यासारखं आहे. रॉबर्ट टाउनसेंड यांनी १९९४ मध्ये शिरापूरसह तीन गावांचे आकडे तपासून दाखवलं की एखाद्या घराचं पीक बुडालं तरी त्या घराचं खाणंपिणं त्या मानानं फारसं घसरत नाही. ते गावाच्या सरासरीबरोबर वरखाली होतं. उसनवारी, साठवलेलं धान्य, नातीगोती यांतून गाव एक प्रकारचा विमा चालवतं, भूमिहीनांच्या बाबतीत जरा कमी. विकासाच्या अर्थशास्त्रात हा निबंध आता पाठ्यपुस्तकातला झाला आहे. तीनच वर्षांत रॅव्हॅलियन आणि चौधुरी यांनी त्याच पत्रिकेत हरकत घेतली: खर्चाचा आकडा वहीत कसा काढला आहे ते आधी पाहा, तो प्रत्यक्ष विचारून घेतलेला आहे की इतर नोंदींवरून बेरीज-वजाबाकीनं काढलेला? अमेरिकेत बसलेले विद्वान सोलापूर जिल्ह्यातल्या एका घराची ज्वारी कशी मोजली यावर भांडत होते. फॉर्म भरणं हे कारकुनी काम आहे असं ज्या विद्यार्थ्याला वाटतं त्याला ही गोष्ट सांगावी.

त्या प्रकल्पाच्या सुरुवातीच्या मंडळींतले एन. एस. जोधा यांनी राजस्थानातल्या दोन गावांत आणखी एक उलथापालथ केली. साधारण वीस वर्षांच्या अंतरानं त्याच घरांत ते परत गेले. ज्यांचं माणशी उत्पन्न पाच टक्क्यांहून जास्त घटलेलं होतं, म्हणजे आकड्यांनुसार जे अधिक गरीब झाले होते, त्यांनाच त्यांनी विचारलं की तुमच्या मते बरे दिवस येणं म्हणजे काय. पायात चप्पल असणं, सावकाराच्या वाड्यात सालगडी म्हणून न राहणं, बियाण्यासाठी त्याच्या दारात न जाणं. लोकांनी सांगितलेल्या अशा ३८ कसोट्यांपैकी ३७ वर ती घरं आधीपेक्षा बरी निघाली. हा लेख १९८८ मध्ये प्रसिद्ध झाला, 'अल्पमताचा' म्हणून. दोन्ही मोजमापं खरी होती. दुसऱ्यांदा तिथं गेल्याशिवाय आणि स्वतःचा प्रश्न बाजूला ठेवल्याशिवाय दुसरं मोजमाप सापडलंच नसतं.

तसं पाहिलं तर परत जाण्याची ही परंपरा आपल्याकडे शंभर वर्षांची आहे. पुण्याच्या कृषी महाविद्यालयाचे प्राचार्य हॅरॉल्ड मान यांनी सहकाऱ्यांना घेऊन पिंपळे सौदागरचा अभ्यास केला, तो १९१७ मध्ये छापला गेला. जुनी दप्तरं उघडून त्यांनी दाखवलं की १७७१ मध्ये सरासरी ४० एकर असलेली धारणा १९१५ पर्यंत ७ एकरांवर आली होती. आज तिथं टॉवर उभे आहेत, ती जमीन चौरस फुटांवर मोजतात. मान यांच्याबरोबर दुसऱ्या गावाचा, जातेगाव बुद्रुकचा, अभ्यास करणारे एन. व्ही. कानिटकर पुढं कोरडवाहू शेतीच्या संशोधनात नावाजले. गावाचं घर-अन्-घर धुंडाळलेला माणूस मातीच्या ओलाव्याकडे वळला, हा प्रवास मला फार अर्थपूर्ण वाटतो. धनंजयराव गाडगीळांच्या गोखले संस्थेनं सोलापूर शहराचीही सामाजिक-आर्थिक पाहणी केली, ती १९६५ मध्ये ग्रंथरूपानं आली. म्हणजे या जिल्ह्याला पाहणीची सवय आहे. सवय नाही ती पाहणीचा निकाल गावात परत येण्याची.

सोलापूरचं पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर विद्यापीठ २००४ मध्ये एका जिल्ह्यापुरतं स्थापन झालं. एका जिल्ह्याचं विद्यापीठ कशाला, असं तेव्हा पुष्कळांनी विचारलं असेल. त्याचं एक उत्तर आता देता येण्यासारखं आहे. दरवर्षी प्रत्येक कॉलेजची प्रत्येक तुकडी नवं गाव, नवी प्रश्नावली, नवं 'एक अभ्यास' असं शीर्षक घेऊन निघते आणि फाइली कपाटात जातात. त्याऐवजी कुर्डुवाडी, पंढरपूर, मोहोळच्या कॉलेजांनी मोडनिंबसारख्या एकेका गावातली चाळीस घरं धरावीत, आणि येणाऱ्या प्रत्येक तुकडीनं त्याच घरांत जावं. पहिली तुकडी नकाशा आणि चुली मोजेल. दुसरी तुकडी पहिलीच्या चुका शोधेल, आणि संशोधन पद्धतीचा यापेक्षा चांगला पेपर कुणी काढू शकणार नाही. हंगामात कोप्यांची वेगळी वही. दरवर्षी एका ग्रामसभेत वीस मिनिटं मागून घ्यायची आणि जे सापडलं ते मराठीत वाचून दाखवायचं. ज्यांचे आकडे आहेत ते तिथंच दुरुस्ती सांगतील, आणि आवाज चढवून सांगतील.

यात पैशाची अडचण फारशी नाही. एसटीचा पास आणि वह्या एवढाच काय तो खर्च. अडचणी वेगळ्या आहेत. घराघराची संमती दरवर्षी नव्यानं घ्यावी लागेल आणि एखाद्यानं 'आता पुरे' म्हटलं तर त्याचं दार सोडावं लागेल. नावं एका वहीत, उत्तरं दुसऱ्या वहीत आणि दोन्ही वेगवेगळ्या कुलपात ठेवावी लागतील, कारण मार्गदर्शक आणि गावपुढारी यांच्यात कधी कधी नातं असतं. मुलं सहा महिन्यांनी बदलतात, प्राध्यापक तासिका तत्त्वावर असला तर तोही वर्षानं बदलतो. तेव्हा वही कुणाच्या नावावर राहणार, विभागाच्या, ग्रंथालयाच्या की ग्रामपंचायतीच्या, हे पहिल्या तुकडीला गावात उतरवण्याआधी लेखी ठरवावं लागेल.